बाहेरही मीच, आतही मीच

किस्से काही कुणी ठरवून गोळा करत नाही हो. जळगावात माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे. टेबलाखाली एक खोका ठेवलाय. उरलेले स्क्रू, तुटक्या कीबोर्डची बटणं, कशाच्या ते आता आठवत नाही अशा वायरी, सगळं त्यात टाकत जातो. पंधरा वर्षांत तो खोका एकदाही रिकामा केला नाही. आमच्या पाच जणांचे किस्से तसेच साठलेत. एक काढायला जावं तर त्याला अडकून चार बाहेर येतात, आणि चहा गार होतो.

पाच जण कोण, ते आधीच सांगून टाकतो. आम्ही सगळे भुसावळजवळच्या दीपनगर कॉलनीतली पोरं. सगळ्यांचे वडील वीज केंद्रात. पंक्या, सुरेखा, बापू, विलास आणि मी. मी वयाने दोन वर्षांनी मोठा, म्हणून हे चौघं मला भाऊ म्हणतात. मान देतात असं मात्र समजू नका.

क्वार्टरमध्ये वाढलेल्या माणसाची एक गंमत असते. वडील रिटायर झाले की घर परत करायचं. सामान ट्रकमध्ये, किल्ली ऑफिसात, विषय संपला! लोक सुट्टीत गावी जातात, आम्ही कुठे जायचं? कॉलनीत गेलो तर आमच्या दाराला दुसऱ्याच्या नावाची पाटी. पंक्या धुळ्याला गेला, सुरेखा शिरपूरला शाळेत शिक्षिका झाली, बापूने चाळीसगावला बियाण्यांचं दुकान टाकलं, मी जळगावात. आणि विलास... विलासचं पुढे येईलच.

* * *

दहा-बारा वर्षांपूर्वी पंक्याने आम्हाला त्या ठोकळ्यांच्या गेमचा नाद लावला. तोच तो, ज्यात एकावर एक ठोकळे रचून घर बांधतात. आम्ही म्हटलं, हे लहान पोरांचं आहे. पंक्या म्हणाला, "भाऊ, कॉलनी बांधू या."

बस्स! त्याच रात्री आम्ही सगळ्यांनी गेम टाकून घेतला.

पंक्याने स्वतःच्या घरी एक जुना कॉम्प्युटर कायम चालू ठेवला. त्याच्यावर आमची कॉलनी. गेम सुरू करायचा लाँचरही त्याने खोलून, त्यात बदल करून आपल्यापुरता बनवला. पासवर्ड नाही, भानगड नाही. नाव टाकलं की कॉलनीच्या मेन गेटवर उभे. खाली मराठीत पाटी : "या. चपला बाहेर काढा."

मग बांधकाम सुरू झालं. भांडणं किती झाली म्हणून सांगू! वीज केंद्राची धुराची चिमणी बांधताना गेममधलं आभाळच संपलं, वर ठोकळा बसेना. पंक्या म्हणाला, जरा बुटकी करू. बापू खवळला. "भुसावळ यायच्या आधी गाडीतून ती दिसली की माझी आई डबा बांधायला घ्यायची. बुटकी केली तर दिसेल का?" शेवटी पंक्याने अख्खी कॉलनी खाली उतरवली, पण चिमणी पूर्ण केली!

* * *

विलास सगळ्यात बारीक नजरेचा. त्याचे वडील फिटर होते, पोरातही तेच उतरलं होतं. एखादी खिडकी एका ठोकळ्याने सरकली तरी त्याला झोप यायची नाही.

सुरेखाने एकदा मैदानाच्या कडेचा कडुनिंब लावला. चांगला डेरेदार. आम्ही वाहवा केली. विलास आला, झाडाभोवती दोन फेऱ्या मारल्या आणि म्हणाला, "हे झाड आपलं नाही."

"का रे बाबा?"

"उजवीकडची फांदी आपण होळीला तोडली होती."

सुरेखा म्हणाली, "अरे, असू दे की आता एक फांदी! सावली होईल."

विलास म्हणाला, "फांदी तशीच असेल, तर आपण पाच जणांनी मार कशाचा खाल्ला?"

सुरेखाने कुऱ्हाड काढली आणि मुकाट्याने फांदी तोडली.

* * *

आता पंक्याच्या नियमाबद्दल. सगळं रामायण त्याच्यामुळेच झालं.

पंक्याला डोकं आहे, पण ते कुठे चालवावं याचं भान नाही. त्याला वाटलं, खरी कॉलनी म्हटली की खरा नियम हवा. त्याने सर्व्हरमध्ये, म्हणजे त्या घरच्या कॉम्प्युटरमध्ये, लिहून टाकलं : तीस दिवस हजेरी लागली नाही, की क्वार्टर खाली. घर आपोआप मोडणार, तिथे नुसतं गवत उगवणार. आणि हजेरी कशी? नुसतं येऊन पळायचं नाही. बाहेरून शेजाऱ्याने दार वाजवायचं आणि घरवाल्याने आतून उघडायचं. आपण लहानपणी खेळायला बोलवायला जायचो ना, तसं. दार उघडलं की घरावर हिरवा ठिपका. पुढचे तीस दिवस घर शाबूत.

आम्ही हसलो. कोण कशाला तीस दिवस गैरहजर राहतंय!

त्या वर्षी पेरणीच्या दिवसांत बापूला दुकानातून मान वर करायला फुरसत मिळाली नाही. सव्वा महिन्याने आला. चिडला की बापूच्या तोंडून थेट आईकडची अहिराणीच निघते. मला दुकानात फोन.

"अरे भो, मनं घर कथं गयं?"

मी बघितलं. तीन नंबरच्या क्वार्टरच्या जागी गवत, आणि त्यात एक कोंबडी.

"बठ्ठं गयं भाऊ! एक वीट बी नई ऱ्हायनी!"

पंक्याला म्हटलं, काढून टाक हा नियम. तो म्हणाला, काढतो, फक्त त्याचं मूळ लिखाण ज्या डिस्कवर आहे ती चालत नाहीये, तुझ्याकडे पाठवतो. आली डिस्क. मी जळगावातला नावाजलेला मेकॅनिक! खोलली, फुंकर मारली, जोडली, आणि जी काही थोडी धुगधुगी होती तीही गेली. नियम तसाच राहिला. आता तो कोणालाच काढता येत नाही, पंक्यालासुद्धा.

बापूने घर पुन्हा बांधलं. पण आईच्या ओट्याची उंची त्याला काही केल्या जमली नाही. अजून म्हणतो, "पहिलंच बरोबर होतं."

* * *

हा किस्सा हसण्यासारखा नाही. पण तो सांगितल्याशिवाय पुढचे कळणार नाहीत.

विलासचे वडील नोकरीत असतानाच गेले. बाकीच्यांची घरं रिटायरमेंटने सुटली, याचं असं सुटलं. मुदतीत क्वार्टर खाली केलं, आणि माय-लेक भुसावळला एका खोलीत राहायला गेले. त्यानंतर विलास दिवसभर गेममध्ये. बांधायचा काही नाही. आपल्या सात नंबरच्या क्वार्टरमध्ये जाऊन नुसता बसायचा.

मी एका रविवारी दुपारी त्याच्याकडे गेलो. मांडीवर लॅपटॉप, स्क्रीनवर तेच घर. त्याची आई मला हळूच म्हणाली, "भाऊ, तू तरी सांग त्याला." मला वाटलं, मी मोठा, चार शब्द सुनावायचा माझा हक्कच आहे. माझ्या जिभेला हाड नाही, हे मला घरीदारी सगळे सांगतात. मी म्हणालो, "विल्या, ठोकळ्यांच्या घरात किती दिवस बसणार? बाप गेला, क्वार्टर गेलं. आता तरी मोठा हो."

त्याने माझ्याकडे बघितलंही नाही. "हो भाऊ," म्हणाला आणि लॅपटॉप मिटला.

तो पुन्हा कॉलनीत आला नाही. आठवड्याभराने खोलीही सोडली. कोणी म्हणे वापीला गेला, कोणी म्हणे हैदराबादला. फोन बंद. मी बाकीच्यांना सांगितलं, कामाच्या गडबडीत असेल. माझं बोलणं मात्र कोणालाच सांगितलं नाही. कोणत्या तोंडाने सांगणार? त्याचं खरं घर गेलं ते गेलंच होतं, जे दुसरं होतं त्यातूनही मीच त्याला उठवलं. 

* * *

तर त्याची शेवटची हजेरी लागून अठ्ठावीस दिवस झाले, आणि दुपारी जेवता जेवता माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. आणखी दोन दिवसांनी विल्याच्या घराचं गवत होणार!

घास टाकून उठलो. त्याच्या नावाने आत जाणं सोपं, पासवर्ड नाहीच. पण हजेरीला दोघं पाहिजेत. एक बाहेर, एक आत. कोणाला बोलावलं असतं तर आला असता, पण "भाऊ, तुला एवढी काय घाई?" असं विचारलं असतं तर? म्हटलं, नको. बाहेर मी आणि आतही मीच.

लाँचर एकदा उघडला माझ्या नावाने. दुसऱ्यांदा क्लिक केलं, तर पंक्याने लिहून ठेवलेली सूचना समोर आली : "एका वेळी एकच जन्म घ्या!"

मी अख्खं फोल्डर कॉपी केलं, दुसरं नाव दिलं, त्यातून उघडलं. उघडला! पण दोन्ही लाँचर नाव एकाच फाइलमध्ये लिहीत होते. दुसऱ्यात 'विलास' टाकलं की पहिल्यातही विलास. दोन विलास गेटवर आले आणि सर्व्हरने एकाला हाकलून दिलं. दोन दिवस माझे त्यातच गेले. गिऱ्हाईकाला म्हणायचो, "तुमचं काम उद्या, आज अर्जंट आहे." शेवटी प्रत्येक कॉपीला आपलं वेगळं फोल्डर दिलं, मेमरी अर्धी अर्धी वाटून दिली, तेव्हा कुठे दोन खिडक्या शेजारी शेजारी सुखाने नांदायला लागल्या.

पण हात माझे दोनच! डावीकडच्या खिडकीत मी, उजवीकडे विलास. दार वाजवायला गेलो तर विलास आतून भिंत बडवतोय. विलासला दाराकडे वळवलं तर इकडे मी चालत चालत थेट कॉलनीमागच्या कालव्यात! बुडालो. पुन्हा गेटपासून सुरुवात. अशी तीन वेळा जलसमाधी घेतल्यावर, तिसाव्या दिवशी दुपारी दार वाजलं, दार उघडलं, हिरवा ठिपका लागला.

दारात विलास उभा. समोर मी. मी बराच वेळ नुसता बघत बसलो. त्या ठोकळ्याच्या तोंडाला भाव कुठून असणार, पण मला बघवेना. दोन्ही खिडक्या बंद केल्या.

* * *

मग तो नेमच झाला. दर महिन्याच्या एक तारखेच्या आगेमागे, तीस दिवस भरायच्या आत, दुपारी दुकानात कोणी नसताना.

मे महिन्यात जळगावचं ऊन तुम्हाला सांगायला नको. दोन गेम एकदम चालवले की माझा म्हातारा कॉम्प्युटर गिरणीसारखा घरघरायचा. मी कूलरचं तोंड त्याच्याकडे करायचो आणि स्वतः ओला टॉवेल डोक्यावर घेऊन बसायचो. बायको डबा घेऊन आली, तिने ते बघितलं. म्हणाली, "घरी बेल वाजली तर जागचे हलत नाही, आणि इथे दुसऱ्याचं दार उघडायला बसलाय!"

एकदा यावलकडचे एक आबा प्रिंटर घेऊन आले. केव्हा मागे येऊन उभे राहिले, मला पत्ताच नाही. त्यांनी सगळं बघितलं. डावीकडून टकटक, उजवीकडून दार.

"काय रे भो, हे काय आहे?"

"काही नाही आबा. हजेरी लावतोय मित्राची."

"तूच वाजवतो?"

"हो."

"अन् तूच उघडतो?"

"हो आबा."

आबांनी टोपी काढली, डोकं खाजवलं, टोपी घातली. म्हणाले, "मंग पाव्हना कोन?"

मी त्यांचा प्रिंटर फुकटात दुरुस्त करून दिला आणि लवकर वाटेला लावलं.

* * *

अशी सहा-सात वर्षं गेली. आता हा किस्सा ऐका. तेव्हा माझी जी काय फजिती झाली, तशी शत्रूचीही होऊ नये.

एका महिन्यात माझी एक तारीख चुकली. लग्नाला गेलो होतो. आता घराचं गवत झालं असणार, या धास्तीने बारा-तेरा तारखेला दुपारी बसलो. डावी खिडकी उघडली, माझ्या नावाने आत गेलो, आणि कोपऱ्यातल्या यादीत बघतो तर दोन नावं. एक माझं. दुसरं विलास!

उजवी खिडकी मी अजून उघडलीच नव्हती!

 तसाच पळत सुटलो, गेममध्ये हो. सात नंबरसमोर गेलो, तर घर शाबूत! दार वाजवलं. दार उघडलं. आत विलास.

   दुकानात एक बाई माउस घ्यायला आल्या होत्या, त्यांना मी हातानेच थांबा म्हटलं. मग लिहायला लागलो. इतक्या वर्षांचं सगळंच लिहून टाकलं. "विल्या, मला माफ कर. त्या दिवशी मी तुला ते बोलायला नको होतं. बाप गेला, क्वार्टर गेलं, आता तरी मोठा हो, हे कोणी कोणाला बोलतं का? तुझं घर मी जपून ठेवलंय बघ. दर महिन्याला येतो. एकदा फोन कर रे."

 मग एक ओळ आली.

"भाऊ, मी सुरेखा आहे."

शिरपूरला, शाळेच्या मधल्या सुट्टीत, आपल्या लॅपटॉपवर आधी विलासचा लाँचर उघडून बसली होती ती, स्वतःचा अजून उघडायचा होता! तिलाही वाटलेलं, बाकीच्यांना विलासचं काही पडलेलं नाही, आपणच घर राखावं. तीही दर महिन्याला बारा तारखेच्या आसपास हेच करत होती. हिरव्या ठिपक्यावरून हजेरी कोणी लावली ते कळत नाही. इतकी वर्षं एकाच घराला दोन राखणदार, आणि एकमेकांना पत्ता नाही!

मी काही लिहायच्या आत दुसरी ओळ आली. "म्हणजे तो तुझ्यामुळे गेला?"

आणि विलास माझ्यासमोरून नाहीसा झाला. पाठोपाठ सुरेखानेही पाठ फिरवली. आठ महिने ती माझ्याशी बोलली नाही. माउसवाल्या बाई विचारत होत्या, "दादा, बरं वाटत नाहीये का?" मी त्यांना माउसऐवजी कीबोर्ड दिला.

* * *

समेट केला बापूने. थंडीत, भरिताच्या दिवसांत त्याने सगळ्यांना चाळीसगावला बोलावलं. सुरेखाला सांगितलं, भाऊ येणार नाहीये. मला सांगितलं, सुरेखा येणार नाहीये. दोघं जिन्यातच समोरासमोर आलो.

वर गच्चीलगतच्या खोलीत वांगी भाजल्याचा वास, कळण्याच्या म्हणजे ज्वारी-उडदाच्या भाकरी, हिरव्या मिरच्या, आणि चार तोंडं चार दिशांना. पंक्या मोबाइलमध्ये डोकं घालून बसलेला. सगळं बाहेर आलं. मी काय बोललो, दोन लाँचर, दोन राखणदार. सुरेखा रडली. मीही रडलो, लाज कसली त्यात?

 बापूच्या हातातली भाकरी मात्र हातातच.

मग म्हणाला, "म्हणजे विल्या येतच नव्हता?"

"नाही रे."

"एकदाही?"

आता बापूचं निघालं. सात नंबरचं घर मोडत नाही, हिरवा ठिपका आहे, म्हणजे विलास गुपचूप येऊन जातो, असं त्याने इतकी वर्षं धरलं होतं. आपल्याशी बोलायचं नसेल, नको बोलू, पण येतो तर खरा! म्हणून तो दर महिन्याला विलासच्या दारातल्या पेटीत भाकरी ठेवायचा. गेममधली. महिन्याने बघायचा तर पेटी रिकामी. त्याला वाटायचं, खाल्ली पोराने.

मी खाली मान घातली. पेटीतली भाकरी मला दिसायची. मला वाटायचं, पंक्याने काहीतरी सोय केली असेल. कालव्यात बुडून बुडून जीव अर्धा व्हायचा, म्हणून मी ती खाऊन टाकायचो.

बापूने माझ्याकडे रोखून बघितलं.

"त्या बठ्ठ्या भाकरी तूच खादी का भो?"

मी म्हटलं, "हो."

"इतल्या वर्षांन्या?"

"हो रे बाबा."

बापूने हातातली भाकरी माझ्या ताटात टाकली. "मंग ही बी खा!"

सुरेखा आधी हसली. मग सगळेच. रडता रडता हसायला लागलं की ठसका लागतो, त्यात भरिताला मिरची बापूच्या हाताची. पाण्याचा तांब्या खोलीभर फिरला.

त्या दिवशी ठरलं. यापुढे चोरी नाही. दर महिन्याची हजेरी एकानेच लावायची, मी लावायची, आणि वर्षातली एक इथे, सगळ्यांसमोर. जिन्यातून उतरताना सुरेखा मला म्हणाली, "मी माफ केलं असं समजू नकोस. ते त्याचं काम आहे."

* * *

आणि हा यंदाचा.

पुन्हा बापूची खोली, पुन्हा भरीत. रविवारची दुपार. मी लॅपटॉप मांडला. डावी खिडकी उघडली, माझ्या नावाने गेटवर उभा राहिलो. उजवी उघडली, नाव टाकलं, विलास. आणि आतच घेईना! वर लाल अक्षरं : "हे नाव दुसरीकडे चालू आहे."

मी सुरेखाकडे बघितलं. ती कांदा चिरत होती. दोन्ही हात दिसत होते. म्हणाली, "माझ्याकडे काय बघतोस? माझा लॅपटॉप शिरपूरला."

पंक्या म्हणाला, "मी नाही. शपथ."

बापूने दोन्ही हात वर केले, दोन्ही भरिताने माखलेले.

मग चौघांची डोकी एका स्क्रीनवर. मेन गेटपाशी, माझ्या शेजारी, विलास उभा होता. उभा कसला, धडपडत होता. गेटच्या खांबाला धडकायचा, मागे यायचा, पुन्हा धडकायचा. उडी मारायचा. आभाळाकडे बघत गोल फिरायचा. पंक्या पुटपुटला, "हा विल्या नाही. याला चालतासुद्धा येत नाही."

तेवढ्यात खाली अक्षरं यायला लागली. एकेक.

"हॅलो. तुम्ही कोण?"

 सुरेखा म्हणाली, "लिही ना!" मी लिहिलं, "मी भाऊ. जळगावचा. तू कोण?"

"मी आर्वी. दुसरीत आहे. हे माझ्या बाबांचं नाव आहे. त्यांनी मला लावून दिलं."

 विलासला मुलगी आहे, हे आम्हाला कोणालाच माहीत नव्हतं.

"बाबा म्हणतात, इथे आमचं घर आहे. कोणतं आहे?"

सुरेखाने तोंडाला पदर लावला. मी लिहिलं, "बाबा आहेत का जवळ?"

"हो. इथेच बसलेत."

"मग बाबांना विचार ना बेटा. त्यांना माहीत आहे."

 बापूच्या हातावरचं भरीत सुकलं. पंक्याने माझा खांदा घट्ट धरला होता, तो दुखायला लागला तरी मी हललो नाही.

मग ओळ आली.

"बाबा म्हणतात, भाऊंना सांग, तुम्हीच घेऊन चला."